काचेतला शेजार

इंदुरातील आमच्या जुन्या वाड्यात पाहुण्यांना तीन वस्तू आवर्जून दाखविल्या जात. आजोबांची शिसवी आरामखुर्ची, चौकटीत बसविलेली होळकरशाहीतील एक सनद आणि थोरल्या काकांची माशांची पेटी. पहिल्या दोन वारशाने आलेल्या, तिसरी हौसेने. मुंबईस चर्नी रोडला समुद्राकाठी तारापोरवाला मत्स्यालय १९५१ साली राष्ट्रपती राजेंद्रप्रसादांच्या हस्ते सुरू झाले. त्यानंतर कितीतरी वर्षे इकडून मुंबईस गेलेले मराठी कुटुंब नात्यातले लग्न, महालक्ष्मीचे दर्शन आणि मत्स्यालय अशी त्रिस्थळी यात्रा पुरी केल्यावाचून परतत नसे. काकाही एकदा असेच जाऊन आले, आणि महिन्याभरात लोखंडी पट्ट्यांच्या सांगाड्यात लांबी भरून काचा बसविलेली एक पेटी दिवाणखान्यात येऊन बसली.

दुकानदाराने रंग पाहून मासे निवडून दिले आणि काकांनीही रंग पाहूनच घेतले. दोन सोनेरी मासे, लांब दोरे लोंबणारे चार एंजल, अंगावर काळे पट्टे असलेले तीन टायगर बार्ब आणि निळ्या पिसाऱ्याचा एक फायटर. पहिले दोन दिवस वाड्यातील मुले पेटीपुढून हलली नाहीत. तिसऱ्या दिवशी एंजलांचे दोरे आखूड दिसू लागले. आठव्या दिवशी फायटरच्या शेपटीच्या चिंध्या झाल्या होत्या आणि एक सोनेरी मासा पोट वर करून तरंगत होता. आमच्या आजीचे माहेर कृष्णाकाठचे. घाटावर बसून माशांना चुरमुरे घालण्यात तिचे बालपण गेलेले. ती पेटीपाशी उभी राहून म्हणाली, "हे मासे कुठकुठल्या पाण्याचे रे?" काकांनी दुकानाचे नाव सांगितले. आजी म्हणाली, "दुकानाचं नव्हे, पाण्याचं विचारते मी."

काकांना उत्तर देता आले नाही, आणि त्यात त्यांचा फारसा दोष नव्हता. माशांना काचेत घालून पाहण्याची हौस जगात रुजली, त्यानंतरही हा प्रश्न नीट विचारला जाण्यास बराच काळ जावा लागला. त्या काळाची हकिकत येथे सांगण्याचा विचार आहे.

घरात शोभेसाठी मासे पाळण्याची परंपरा चीनची. तेथे सुंग राजवटीत, म्हणजे सुमारे हजार वर्षांपूर्वी, साध्या राखी माशांतून निपजलेले लाल-सोनेरी मासे तळ्यांत निराळे राखले जाऊ लागले. पुढे मिंग काळात ते मातीच्या व चिनीमातीच्या भांड्यांत आले. चांग च्यान-ते याने १५९६ मध्ये या माशांवर एक स्वतंत्र पुस्तकच लिहिले. ही भांडी अपारदर्शक असल्यामुळे मासा पाहावयाचा तो वरून. म्हणून त्याची पैदासही वरून शोभून दिसेल अशी झाली: रुंद पाठ, फुगीर डोळे, पंख्यासारखी दुहेरी शेपटी. भांड्यात सारे एकाच जातीचे. कोणाचा शेजार कोणाला मानवतो, हा प्रश्न तेथे उद्भवलाच नाही.

आपल्याकडे मासा पाहिला गेला तो मुख्यत्वे नदीत, पाळला गेला तो देवळाच्या डोहात. अशोकाच्या पाचव्या स्तंभलेखात अवध्य प्राण्यांच्या यादीत काही मासे आहेत, आणि ठराविक तिथींना मासे मारू वा विकू नयेत अशी आज्ञाही आहे. पण माशांच्या जातवार निरीक्षणाचा खरा खजिना सापडतो तो कल्याणीच्या चालुक्यांकडे. तिसऱ्या सोमेश्वराचा 'मानसोल्लास' शके १०५१ च्या, म्हणजे इ.स. ११२९ च्या सुमारास रचला गेला. कल्याणी म्हणजे बीदर जिल्ह्यातील आजचे बसवकल्याण. हैदराबादकर वाचकांना ते परके वाटू नये. ग्रंथाची संहिता गजानन श्रीगोंदेकर यांनी संपादिली आणि ती १९२५ पासून तीन खंडांत बडोद्याच्या गायकवाड प्राच्य ग्रंथमालेत प्रसिद्ध झाली. मराठीच्या प्राचीन पद्यरचनेचे जे नमुने अभ्यासक दाखवितात, त्यांत याच ग्रंथातील दशावतारवर्णनाच्या ओळी येतात, आणि त्यांत रसातळातून वेद वर आणणारा मत्स्यावतार आहे. सोमेश्वराच्या दरबारी मासा असा दोन वाटांनी आला, गाण्यात आणि गळाला.

गळाचे प्रकरण 'मत्स्यविनोद' या नावाचे. राजाने गळ टाकून करमणूक कशी करावी, हा त्याचा विषय. तेथे समुद्रातले मासे निराळे, नदीतले निराळे, खवल्यांचे निराळे, बिनखवल्यांचे निराळे. कोणता केवढा वाढतो आणि कोणत्या आमिषाला येतो, हे सारे नोंदविले आहे. प्राणिशास्त्रज्ञ सुंदरलाल होरा यांनी १९५१ साली या प्रकरणावर लेख लिहून ते आधुनिक अभ्यासकांपुढे आणले. राजाला मासे एकत्र नांदवायचे नव्हते, पकडायचे होते, हे खरे. तथापि कोण कोठे राहतो, केवढा होतो आणि काय खातो, हे तीन रकाने त्याने भरून ठेवले होते. आजही पेटीसाठी मासे निवडणाऱ्याने याच तीन रकान्यांपासून आरंभ केला तर त्याचे निम्मे मासे वाचतील, असे आमचे स्पष्ट मत आहे.

काचेच्या पेटीचा जन्म मात्र लंडनचा, आणि तोही एका रसायनतज्ज्ञाच्या हातून झालेला. इंग्लंडात काचेवरील कर १८४५ साली उठला आणि काच स्वस्त झाली. औषधविक्रेत्यांच्या संस्थेत काम करणाऱ्या रॉबर्ट वॉरिंग्टन याने सुमारे बारा गॅलनांच्या काचपात्रात दोन लहान सोनेरी मासे सोडले आणि व्हॅलिस्नेरिया नावाची पाणवनस्पती लावली. मासे जो वायू सोडतात तो वनस्पती घेईल, वनस्पती जो सोडते तो मासे घेतील, असा हिशेब. पण पाने कुजली, काचेवर हिरवा थर चढला, पाणी गढूळ झाले. तेव्हा त्याने तळ्यातील गोगलगायी आणून सोडल्या. त्यांनी कुजके खाऊन पाणी निवळ केले, शिवाय त्यांची अंडी माशांना खाद्य म्हणून मिळाली. हा प्रयोग त्याने १८५० मध्ये रसायनशास्त्राच्या सभेपुढे मांडला.

वॉरिंग्टनच्या ताळेबंदात प्राणी आणि वनस्पती अशी दोनच खाती होती, गोगलगायीने तिसरे उघडले. चौथे त्याच्या दृष्टीस पडलेच नाही. माशाच्या विष्ठेतून व कल्ल्यांतून पाण्यात अमोनिया उतरतो. त्याचे कमी विषारी क्षारांत रूपांतर करणारे सूक्ष्म जंतू वाळूत आणि काचेवर वस्ती करून असतात. सेर्गेई विनोग्राड्स्की याने १८९० च्या सुमारास ते वेगळे करून दाखविले. गंमत अशी की, जमिनीत हीच क्रिया दोन टप्प्यांत कशी घडते यावर रॉथम्स्टेडच्या शेतकी प्रयोगशाळेत वर्षानुवर्षे खपणारा संशोधक होता वॉरिंग्टनचाच मुलगा, आणि त्याचेही नाव रॉबर्टच. बापाच्या पेटीत जे न दिसता काम करीत होते, ते मुलाने शेतातल्या मातीत शोधले. नव्या पेटीत पहिल्याच दिवशी आठदहा मासे सोडणारा गृहस्थ या जंतूंना वस्ती करण्यास वेळच देत नाही. काकांचा सोनेरी मासा बहुधा यामुळेच गेला. आम्ही इतकी वर्षे बिचाऱ्या टायगर बार्बांवर आळ घेत होतो.

१८५३ मध्ये लंडनच्या प्राणिसंग्रहालयात मत्स्यगृह उघडले. त्यामागे फिलिप गॉस याची खटपट होती. पुढच्याच वर्षी त्याचे पुस्तक निघाले आणि 'अ‍ॅक्वेरियम' हा शब्द घरोघर पोचला. लोक समुद्रकाठच्या डबक्यांवर असे तुटून पडले की, ती डबकी ओकीबोकी झाल्याची खंत गॉसच्या मुलाने १९०७ च्या आपल्या आठवणींत व्यक्त केली आहे. पॅरिसमध्ये प्येर कार्बोन्ये याच्याकडे १८६९ साली पूर्वेकडून 'पॅराडाइज फिश' आला. हा पृष्ठभागावर येऊन हवा घेऊ शकतो, म्हणून बोटीवरच्या शिळ्या पाण्यातही तगला. कार्बोन्येने त्याचे बुडबुड्यांचे घरटे पाहिले, पिलांना तोंडात धरून घरट्यात आणून सोडणारा नर पाहिला. त्याचबरोबर तोच नर जोडीदारणीला त्या चिमुकल्या पेटीत जीव नकोसा होईतो पिटाळतो, हेही पेटीवाल्यांना कळून चुकले. नदीत मादी निघून जाते. काचेत निघून जायला जागा नसते. एकत्र नांदण्याचा प्रश्न पेटीनेच जन्माला घातला, तो असा.

त्याचे उत्तर दुकानांतून आले नाही, प्रयोगशाळांतून आले. हॉलंडमधील लायडेन येथे निको टिनबर्गन स्टिकलबॅक नावाचे बोटभर मासे पाळून त्यांच्या भांडणांचा अभ्यास करीत असे. विणीच्या हंगामात या जातीच्या नराचे पोट लाल होते आणि तो आपली हद्द आखून बसतो. लाकडाचा ओबडधोबड तुकडा खालून लाल रंगवून पाण्यात धरला तरी नर त्यावर धावून जातो, आणि हुबेहूब माशासारखा पण लाल नसलेला पुतळा धरला तर फारशी दखल घेत नाही. पेट्या खिडकीशी ओळीने मांडल्या होत्या. रस्त्यावरून टपालखात्याची लाल गाडी गेली की सगळे नर काचेशी धाव घेत, असे टिनबर्गननेच लिहून ठेवले आहे. कॉनराड लॉरेन्झने समुद्रातील रंगीत मासे पेटीत ठेवून पाहिले. १९६३ च्या पुस्तकात तो सांगतो की, निरनिराळ्या जाती एका पेटीत बऱ्यापैकी नांदल्या. जीवघेणी मारामारी झाली ती मुख्यतः एकाच जातीच्या दोघांत. खाणे तेच, जागा तीच, जोडीदारही त्याच जातीतला, म्हणून स्पर्धाही तेथेच. लॉरेन्झच्या पुष्कळ सिद्धान्तांवर पुढे टीका झाली, परंतु या निरीक्षणाचा अनुभव पेटी बाळगणाऱ्या कोणालाही येतो. (परप्रांतातील आपल्या मंडळांचा इतिहास ज्यांना ठाऊक आहे, त्यांना याचे नवल वाटू नये. एका गावात गणेशोत्सवाची दोन मंडळे झाली, ती शेजारच्या अन्यभाषिकांशी भांडून झाल्याचे निदान आमच्या तरी ऐकिवात नाही.) टिनबर्गन व लॉरेन्झ यांना कार्ल फॉन फ्रिश याच्यासमवेत १९७३ चे नोबेल पारितोषिक मिळाले.

या दृष्टीने काकांच्या पेटीकडे पाहिले म्हणजे घोटाळा उलगडतो. टायगर बार्ब हा कळपाचा मासा. आठदहा असले तर आपसांत पाठलाग करून त्यांची खुमखुमी जिरते. तीनच असले की ती शेजाऱ्याच्या लोंबत्या दोऱ्यांवर निघते. एंजल स्वतः गरीब नव्हे; पुरा वाढलेला एंजल तोंडात मावेल तो बारीक मासा गिळतो, पण त्याच्या दोऱ्यांना संरक्षण नाही. फायटर सयामातला. तेथे त्याच्या झुंजी लावण्यासाठीच तो पिढ्यान्‌पिढ्या निवडला गेला. दोन नर एकत्र ठेवणे तर अशक्यच, आणि जड पिसाऱ्यामुळे चपळ माशांपुढे तो पळूही शकत नाही. सोनेरी मासा थंड पाण्यातला, खादाड आणि घाण करणारा. चौघांची चार घराणी, चार स्वभाव आणि, आजीने नेमके हेरल्याप्रमाणे, चार पाणी.

पाण्याचा मुद्दा आम्हां माळवेकरांना फार जवळचा. माळवा आणि दख्खन दोन्ही काळ्या कातळाचे. विहिरीच्या पाण्यात चुना आणि मॅग्नेशियम उतरलेले. तुरीची डाळ शिजता शिजत नाही, साबणाला फेस येत नाही, हंड्याच्या तळाशी पांढरे पापुद्रे धरतात. याला घरातल्या बायका जड पाणी म्हणतात. हैदराबादकडेही विहिरीचे पाणी बहुतेक ठिकाणी जडच. उलट गोव्यातील जांभ्या दगडातल्या विहिरीचे पाणी हलके आणि किंचित आम्ल. ज्याला दुकानातील चाचण्या नकोत त्याने स्वयंपाकघरात विचारावे, डाळ कशी शिजते म्हणून. निऑन टेट्रा हा निळ्या-लाल रेघेचा मासा १९३६ मध्ये शास्त्राला परिचित झाला आणि पाहता पाहता जगभरच्या पेट्यांत गेला. तो अ‍ॅमेझॉनच्या वरच्या खोऱ्यातील मृदू, आम्ल पाण्याचा. आमच्या जुन्या विहिरीच्या पाण्यात तो झुरतो. आफ्रिकेतील मलावी सरोवराचे मासे त्याच पाण्यात खुशाल राहतात, मात्र ते निऑनला शिल्लक ठेवणार नाहीत. गप्पीला जड पाणी मानवते. त्रिनिदादहून रॉबर्ट गप्पी या गृहस्थाने हे मासे लंडनला धाडले, म्हणून १८६६ मध्ये त्यांना त्याचे नाव देण्यात आले. त्याआधी सात वर्षे एका जर्मन शास्त्रज्ञाने दुसरे नाव देऊन ठेवल्याने शास्त्रात ते टिकले नाही, लोकांत टिकले. डासांच्या अळ्या खाण्यासाठी नगरपालिकांनी तो आपल्या विहिरी-हौदांत सोडला तेव्हापासून मराठीत तो 'गप्पी मासा' झाला. गप्पांशी त्याचा काही संबंध असावा, अशी आमची बालपणी ठाम समजूत होती.

नावांचा विषय निघालाच आहे. फ्रान्सिस हॅमिल्टनने १८२२ मध्ये गंगेच्या माशांचे पुस्तक प्रसिद्ध केले, तेव्हा लोकांच्या तोंडची नावेच त्याने पुष्कळदा शास्त्रीय नावांत घातली. आज पेट्यांत दिसणारे रोझी बार्ब, बुटका गुरामी, काचमासा आणि झेब्रा डॅनिओ हे सारे त्या पुस्तकातले. दख्खनमध्ये हेच काम कर्नल विल्यम साइक्सने केले. मुंबई सरकारचा सांख्यिकी अधिकारी म्हणून तो १८२४ पासून गावोगाव हिंडला. १८४१ मध्ये पूर्ण छापल्या गेलेल्या त्याच्या निबंधात आपल्या कोळ्यांची नावे लॅटिन पोशाखात उभी आहेत: रोहटी, नुक्ता, कोळस, टाकरी, घुंगवारी. रोहटीच्या नावाने तर एक अख्खी प्रजाती ओळखली जाते. आमच्या पिढीतील इंदूरकरांना यातले एकही नाव सांगता येणार नाही. आम्हांलाही ती शास्त्रीय यादीतूनच कळली, हे लिहिताना संकोच वाटतो.

आणि अशा नावांत नुसती ओळख नसते, स्वभावही असतो. कृष्णेच्या खोऱ्यात एक लहानसा, बिनखवल्याचा मासा आहे. बेळगावकडच्या घटप्रभा-मलप्रभा याच खोऱ्यातल्या नद्या. चं. वि. कुलकर्णी या मत्स्यशास्त्रज्ञांनी १९५२ मध्ये त्याचे शास्त्रीय वर्णन केले आणि जातीचे नाव ठेवले 'खवलचोर'. कोळी त्याला तसेच म्हणत. आज त्याची प्रजाती बदलून पॅकिप्टेरस झाली आहे, पण खवलचोर कायम आहे. २०१८ साली 'झूऑलॉजी' या नियतकालिकात त्याच्या वागणुकीचा, शरीररचनेचा आणि पचनाचा अभ्यास प्रसिद्ध झाला. निष्कर्ष असा की, हा मासा खरोखरच दुसऱ्या माशांची खवले ओरबाडून खातो. जाळे ओढणाऱ्यांनी हे न जाणो किती पिढ्यांपूर्वी पाहून त्याचे नाव ठेवले होते. त्याला कोणासोबत ठेवू नये, हे सांगण्यासाठी त्या नावावाचून आणखी कशाची गरज नव्हती. दुकानातील नावे नेमकी याच्या उलट चालतात. 'एंजल' लहान मासे गिळतो, आणि 'क्लीनर' म्हणून विकला जाणारा मासा काय करतो ते पुढे सांगतो.

काचेवरचे शेवाळ चाटणारा, कोणाच्या वाटेस न जाणारा, कोणाही सोबत ठेवावा असा मासा म्हणून दक्षिण अमेरिकेतील सकर घरोघर जातो. विकत घेताना बोटाएवढा असतो. तो हातभर होतो, पाठीवर काटेरी कवच धरतो, आणि पेटीत मावेनासा झाला की माणसे दयाळूपणे त्याला जवळच्या तळ्यात सोडून येतात. केरळ, तमिळनाडू, आंध्र, बिहार येथील पाण्यांत तो आता आपला आपण वाढतो. वाराणसीजवळ गंगेतही सापडला आहे. तेथे तो किनाऱ्यात बिळे करतो, जाळी फाडतो आणि इतर माशांच्या खाद्यात वाटेकरी होतो. त्याच्या कवचापुढे आपल्याकडचे भक्षक मासे हतबल ठरतात. घरातील पेटीसाठी निवडलेला सोबती अखेर नदीतल्या साऱ्यांच्या शेजारी जाऊन बसतो, आणि तेथे त्याला कोणी निवडलेले नसते.

काकांनी पुढे पेटी मोडली नाही. उरलेले एंजल एकटे ठेवले, फायटरला बरणी दिली, टायगर बार्ब दुकानात परत केले आणि विहिरीतले गप्पी आणून दुसरी लहान पेटी भरली. आजीने ती पाहून "हे आपल्या पाण्याचे" म्हटले. गप्पी त्रिनिदादचे, हे तेव्हा तिला ठाऊक नव्हते आणि काकांनाही.

गेल्या दिवाळीत आमच्या पुतण्याच्या फ्लॅटमध्ये गेलो, तर पेटीत एकटा सकर. बाकीचे मासे एकेक करून गेलेले. पुतण्याची सूनबाई विचारू लागली, "काका, बिलावलीच्या तलावात सोडून यावं का याला?" आम्ही नको म्हणालो, आणि का नको तेही सांगितले. मग काय करावे, हे मात्र आम्हांला सुचले नाही. त्यांनी गच्चीवर सिमेंटचा एक हौद रिकामा करून त्याला तेथे ठेवले आहे. नातू रोज संध्याकाळी त्याला काकडीच्या चकत्या घालतो. त्याच्यासाठी नाव शोधून द्या, असा त्याचा आमच्यामागे लकडा आहे.